शुक्र-गुरू युती: टेलिस्कोप नको, बायनॉक्युलर घे

मडगाव,
१२ मे २०२६

प्रिय सुहास,

९ जूनच्या शुक्र-गुरू युतीसाठी (म्हणजे दोघे आकाशात अगदी जवळ दिसतात त्यासाठी) टेलिस्कोप घेऊ का, असं विचारलंस. या युतीसाठी तरी नको. दोघांत १.६ अंशांचं अंतर असेल, म्हणजे पौर्णिमेचे तीन चंद्र ओळीने मांडावेत तेवढं. १२०० मिमी फोकल लेन्थच्या (नाभीय अंतराच्या) टेलिस्कोपला २५ मिमीचा आयपीस (डोळ्याजवळचं भिंग) लावला की ४८ पट मोठं दिसतं, पण आकाश जेमतेम एक अंश मावतं. एक ग्रह आत, दुसरा बाहेर. २१ डिसेंबर २०२० ला गुरू-शनी अंशाच्या दहाव्या भागाइतके जवळ होते, म्हणून गुरूचे चंद्र आणि शनीची कडी एकदमच दिसली. तसं हे नाही. १०x५० च्या (दहा पट मोठं दाखवणाऱ्या, ५० मिमी भिंगाच्या) बायनॉक्युलरमध्ये सहा-साडेसहा अंश मावतात, तोच घे.

खरी अडचण पावसाची. ९ जून म्हणजे मृग नुकताच लागलेला. म्हणून एकाच संध्याकाळवर भिस्त ठेवू नकोस. शुक्र गुरूच्या तुलनेत रोज साधारण एक अंश सरकतो, त्यामुळे ६ ते १२ जूनपर्यंत दोघे एकाच दृश्यात राहतात. या सातांपैकी एका संध्याकाळी वीस मिनिटं ढग फाटले तरी पुरे.

सूर्य सातच्या सुमारास मावळेल. पावणेआठला पश्चिम-वायव्येला बघ. हात ताठ करून मूठ धरलीस तर ती दहा अंश. क्षितिजापासून दोन-अडीच मुठी वर जोडी सापडेल. उजवीकडचा लखलखीत तो शुक्र, डावीकडचा गुरू. शेजारी पुनर्वसूचे दोन तारे. नऊपर्यंत निवांत बघता येईल. एवढ्या उंचीसाठी समुद्र गाठायची गरज नाही, त्या बाजूला माड नसतील तर तुझी गच्ची चालेल. बुधासाठी मात्र उघडं क्षितिज लागतं. १५ जूनच्या आसपास तो आकाशात सूर्यापासून सर्वांत लांब दिसेल, तरी अंधार पडेपर्यंत जेमतेम एक मूठ वर. त्यासाठी काब द राम किल्ल्याचा समुद्राकडचा कडा उत्तम. १ जूनपासून मासेमारी बंद, त्यामुळे पाण्यावर ट्रॉलरचे दिवेही नसतील. एरवी क्षितिजावरचा असा दिवा हमखास ग्रह वाटतो. १७ जूनच्या सुमारास चंद्रकोरही शुक्राजवळ येईल, तीही चुकवू नकोस.

फोकस रस्त्यावरच्या दिव्यावर करू नकोस, पुनर्वसूच्या ताऱ्यावर कर. आधी उजवी नळी झाकून मधलं चाक फिरव, डाव्या डोळ्याला तारा टाचणीच्या टोकाएवढा झाला पाहिजे. मग डावी झाकून उजव्या आयपीसची रिंग फिरव. तारा फुगीर राहिला तर गुरूचे चंद्र त्या झगमगाटात बुडतात. ते दिसायला हातही स्थिर हवा: कोपरं कठड्यावर टेकव, नाहीतर ट्रायपॉडच लाव.

आता सर्वांत महत्त्वाचं. गोव्यात बायनॉक्युलर पडून फुटण्यापेक्षा बुरशीनेच जास्त वाया जातात. लेन्सवर आतून कोळिष्टकासारखे धागे दिसले की समज, बुरशी धरली. ती काचेवरचा थर खाते आणि पुसून जात नाही. चामड्याच्या पिशवीत ठेवू नकोस, चामडं ओल धरतं. घट्ट झाकणाचा प्लास्टिकचा डबा घे, त्यात वाटीभर निळी सिलिका जेल कापडी पुरचुंडीत. खडे गुलाबी झाले की स्वयंपाकात न वापरायच्या जुन्या तव्यावर मंद आचेवर तापव, निळे झाले की गार करून परत टाक. पावसात हे दर पंधरवड्याला बघायचं. एसीच्या खोलीतून एकदम बाहेर काढलास तर काचेवर दव धरेल, म्हणून बंद डब्यातच अर्धा तास बाहेर ठेव. खाऱ्या वाऱ्यातून आल्यावर शर्टाने पुसू नकोस, मिठाचे कण काच ओरबाडतात. आधी ब्लोअरने (हवा फुंकणाऱ्या रबरी फुग्याने) ते उडव.

६ तारखेच्या आत एकदा गच्चीवर जाऊन फोकस जमवून ठेव. शुक्र-गुरू दोघेही आत्ताच संध्याकाळी पश्चिमेला आहेत. रोज बघत गेलास तर जवळ येताना दिसतील.

तुझा,
विनायक