सत्तावीस खुर्च्या आणि तीन भेटी

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

‘अ‍ॅव्हेंजर्स : डूम्सडे’ हा मार्व्हल या अमेरिकी चित्रपटसंस्थेचा, तिच्या अनेक महानायकांना एकत्र आणणारा पुढचा चित्रपट 18 डिसेंबर 2026 रोजी प्रदर्शित होणार असल्याचे जाहीर झाल्यापासून त्याबद्दल जे छापून येते, त्यातील बहुतेक मजकूर ‘त्यात कोण कोण असणार’ या एकाच प्रश्नाभोवती फिरताना दिसतो. ही सवय निर्मात्यांनीच लावली आहे. 26 मार्च 2025 रोजी पाच तासांहून अधिक चाललेल्या थेट प्रक्षेपणात त्यांनी एकामागून एक खुर्ची दाखवली, प्रत्येक खुर्चीच्या पाठीवर एका कलाकाराचे नाव होते, आणि पाहता पाहता सत्तावीस खुर्च्या मांडून झाल्या. 2008 मधील पहिल्या ‘आयर्न मॅन’पासून मी हे चित्रपट मनापासून पाहत आलो आहे आणि म्हणूनच ती रांग पाहून आनंदापेक्षा काळजी अधिक वाटली. पंगतीत पान मांडले की त्या पानावर वाढावेही लागते. अडीच-तीन तासांत सत्तावीस पानांवर पोटभर वाढणे कोणालाही शक्य नाही. तेव्हा कोणाची भेट कोणाशी घडवायची आणि ती का घडवायची, हे निर्मात्यांनी आधी ठरवावे आणि बाकीच्यांना मागच्या रांगेत उभे करण्याचे धाडस दाखवावे, एवढेच मला या पत्रातून मांडायचे आहे.

एप्रिल 2018 मध्ये ‘इन्फिनिटी वॉर’ पाहायला मी माझ्या नऊ वर्षांच्या मुलीला घेऊन नाशिकमधील एका चित्रपटगृहात गेलो होतो. एरवी पडद्यावर नावे सुरू झाली की लोक उठतात, खिसे चाचपून गाडीची किल्ली शोधतात, कोणाच्या तरी पोराची चप्पल खुर्चीखाली गेलेली असते. त्या दिवशी खलनायक थानोसने चुटकी वाजवून अर्धी जीवसृष्टी नाहीशी केली, पीटर पार्कर म्हणजे स्पायडर-मॅन टोनी स्टार्कला, म्हणजे आयर्न मॅनला, घट्ट धरून ठेवण्याचा प्रयत्न करत त्याच्याच हातांत राख होऊन उडून गेला, आणि दिवे लागल्यावरही आमच्या पुढच्या दोन रांगांतले कोणी जागचे हलले नाही. घरी येताना स्कूटरवर मागे बसलेल्या मुलीने एकच प्रश्न तीनदा विचारला, “बाबा, तो परत येईल ना?” पुढे नोव्हेंबर 2023 मध्ये आम्ही दोघे ‘द मार्व्हल्स’ पाहायला गेलो, तेव्हा मध्यंतराच्याही आधी तिने माझ्या कानाशी येऊन विचारले, “ही कोण? हिला आपण कुठे पाहिलंय?”

तिची चूक नव्हती. त्या चित्रपटाच्या तीन नायिकांपैकी मोनिका रॅम्बोला शक्ती कशी मिळाली हे 2021 च्या एका मालिकेत दाखवले होते आणि कमला खानची सारी ओळख 2022 च्या दुसऱ्या मालिकेत झाली होती. 2008 ते 2012 या चार वर्षांत मार्व्हलने सहा चित्रपट काढले, त्यांतील सहावा म्हणजे पहिला ‘अ‍ॅव्हेंजर्स’. याउलट 2021 आणि 2022 या दोनच वर्षांत सात चित्रपट आणि आठ मालिका आल्या. एकत्र येण्यापूर्वी माणसे ओळखीची व्हावी लागतात आणि त्या ओळखीला वेळ द्यावा लागतो, ही साधी गोष्ट त्या घाईत मागे पडली. ‘द मार्व्हल्स’ने जगभरात सुमारे 20.6 कोटी डॉलर मिळवले, म्हणजे मार्व्हलच्या या साऱ्या चित्रपटांत सर्वांत कमी. त्यातील तिन्ही अभिनेत्रींनी मन लावून काम केले होते, त्यामुळे या अपयशाचे खापर त्यांच्यावर फोडणे मला आजही अन्यायाचे वाटते.

भेट कशी घडवावी याचे उत्तम उदाहरण मार्व्हलच्याच घरात आहे. 2021 च्या ‘स्पायडर-मॅन : नो वे होम’मध्ये तीन निरनिराळ्या चित्रपटमालिकांतील तीन स्पायडर-मॅन एकत्र आले. चित्रपटगृहांत शिट्ट्या वाजल्या त्या त्यांच्या प्रवेशाला, परंतु माझ्या मनात घर करून राहिला तो पुढचा एक लहानसा क्षण. मचाणावरून या चित्रपटातील पीटरची प्रेयसी एमजे खाली कोसळते आणि तिला झेलतो तो अँड्र्यू गारफिल्डचा पीटर, ज्याला 2014 च्या चित्रपटात आपल्या प्रेयसीला, ग्वेनला, वाचवता आले नव्हते. तो तिला जमिनीवर ठेवतो, ती ठीक आहे ना असे विचारतो, आणि बोलता बोलता त्याचा चेहरा फुटतो. सात वर्षांपूर्वीची, दुसऱ्याच मालिकेतील जखम तिथे काही सेकंदांत भरून येते. दोन कथा एकत्र आणण्याचे खरे प्रयोजन हेच असते, की एका कथेत जे अपुरे राहिले ते दुसरीत पुरे व्हावे.

‘डूम्सडे’साठी जाहीर झालेल्या नावांत अशा निदान तीन भेटी दडलेल्या आहेत. पहिली वकांडा या काल्पनिक देशाची राजकन्या शुरी आणि समुद्राखालच्या राज्याचा राजा नेमोर यांची. 2022 च्या ‘वकांडा फॉरेव्हर’मध्ये नेमोरच्या हल्ल्यात शुरीची आई, राणी रामोंडा, बुडून मरण पावली. शुरीने शेवटी त्याला जीवदान दिले खरे, पण जीवदान म्हणजे क्षमा नव्हे. हे दोघे नव्या संकटात एकाच बाजूला उभे राहणार असतील, तर त्यांना नुसते शेजारी उभे करून लढाईला धाडणे ही रामोंडाच्या मृत्यूची अवहेलना ठरेल. त्यांना एक बंद खोली आणि पाच मिनिटे मिळाली पाहिजेत.

दुसरी भेट थॉर आणि त्याचा भाऊ लोकी यांची, आणि मला सर्वाधिक ओढ आहे ती हिचीच. थॉरने आपला भाऊ 2018 मध्ये थानोसच्या हातून मरताना डोळ्यांसमोर पाहिला. ‘लोकी’ या मालिकेतून आपण ज्याला ओळखतो तो लोकी वेगळा, कालप्रवासाच्या गोंधळात 2012 च्या घटनाक्रमातून निसटलेला आहे. मरण्यापूर्वी थॉरशी ज्याचे मन जुळले होते तो हा नव्हे, आणि हा जिवंत आहे याचा थॉरला पत्ताही नाही. आई, वडील, बहीण आणि अर्धी प्रजा गमावलेल्या माणसासमोर भावाचाच चेहरा उभा राहिला आणि त्या चेहऱ्याला शेवटच्या दिवसांतले काहीच आठवत नसले, तर त्याने आनंदाने मिठी मारावी की ओक्साबोक्शी रडावे? लेखकांनी या प्रश्नाला बगल देऊन तिथे एखादा विनोद टाकला, तर तो क्षण कायमचा वाया जाईल.

तिसरी भेट ‘फॅन्टॅस्टिक फोर’ या चौघांचा नेता रीड रिचर्ड्स आणि या चित्रपटाचा खलनायक डॉक्टर डूम यांची, आणि साऱ्या कथेचा कणा हीच असावी. स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांनी 1962 मध्ये डूमला जन्म दिला तो रीडचा प्रतिस्पर्धी म्हणून. ‘डूम्सडे’च्या पुढच्या चित्रपटाला जे नाव दिले आहे त्या ‘सीक्रेट वॉर्स’च्या दोन कॉमिक्समालिका प्रसिद्ध आहेत. 1984 मधील पहिली मॅटेल कंपनीच्या खेळण्यांच्या जोडीने निघाली होती आणि तिच्यात नायक-खलनायकांची भरपूर गर्दी आहे. 2015 मधील दुसरी जोनाथन हिकमन यांनी लिहिली आणि एसाद रिबिच यांनी चितारली. तिच्यात साऱ्या विश्वांचे तुकडे जोडून डूम एक जग उभे करतो आणि त्या जगाचा देव होऊन बसतो. तिच्यातही पात्रांना तोटा नाही, पण शेवट होतो तो दोनच माणसांच्या बोलण्यावर. ही शक्ती रीडच्या हाती असती तर त्याने माझ्यापेक्षा चांगले जग घडवले असते, हे डूमला आपल्या तोंडाने कबूल करावे लागते. हिकमन यांचा हा धडा दिग्दर्शक रुसो बंधूंनी पाठ करावा असे मला वाटते. ‘इन्फिनिटी वॉर’मध्ये थानोसला कथेच्या मध्यभागी बसवून इतर सर्वांना त्याच्याभोवती फिरवण्याचे कौशल्य त्यांनीच दाखवले होते, तेव्हा हे त्यांच्या आवाक्याबाहेरचे नाही.

डूमची भूमिका रॉबर्ट डाउनी ज्युनियर करणार हे जुलै 2024 मध्ये जाहीर झाले, तेव्हा माझ्यासारख्या अनेकांना दोन्ही बाजूंनी ओढल्यासारखे झाले. अभिनेता थोर आहे. पण त्याचाच चेहरा लाभलेल्या टोनी स्टार्कने 2019 च्या ‘एंडगेम’मध्ये साऱ्यांसाठी प्राण दिले आणि त्या मृत्यूवर आम्ही विश्वास ठेवला. म्हणून माझी कळकळीची विनंती आहे की डूमचा मुखवटा शक्य तितका काळ चढवलेलाच राहावा. तो टोनीचेच दुसरे रूप आहे असे सांगण्याची सोपी वाट तर मुळीच धरू नये. डूमला लॅटव्हेरिया हा स्वतःचा देश आहे, आपल्याशिवाय जग तरणार नाही ही त्याची स्वतःची श्रद्धा आहे, आणि कथेला तेवढे पुरेसे आहे.

‘डेडपूल अँड वुल्व्हरिन’ने 2024 मध्ये जुन्या चेहऱ्यांची रीघ लावून 130 कोटी डॉलरहून अधिक कमावले, असे कोणी म्हणेल, आणि ते खरेही आहे. मीही तो चित्रपट दोनदा पाहिला. पण ती उघड उघड विनोदी कथा होती आणि तिथे कोणी मेल्याचे दुःख आम्हांला करायचे नव्हते. ‘अ‍ॅव्हेंजर्स’कडे आम्ही दुःख करण्याच्या तयारीने जातो. अनेक विश्वांच्या कल्पनेमुळे मेलेला कोणीही दुसऱ्या दारातून परत येऊ शकतो, ही या टप्प्याची सर्वांत मोठी अडचण आहे. ‘डूम्सडे’मध्ये जो मरेल तो ‘सीक्रेट वॉर्स’मध्येही मेलेलाच राहील, असा दंडक निर्मात्यांनी स्वतःला घालून घ्यावा.

एक मागणी भाषेचीही आहे. ‘एंडगेम’ भारतात इंग्रजी, हिंदी, तमिळ आणि तेलुगू या चार भाषांत आला. 2023 मध्ये सोनीचा अ‍ॅनिमेशनमधील स्पायडर-मॅन मराठीसह दहा भाषांत आला होता, म्हणजे हे करता येते. थॉर आणि लोकी यांचे बोलणे माझ्या आईलाही मराठीत ऐकता यावे.

शेवटी ‘सीक्रेट वॉर्स’विषयी, ज्याची तारीख 17 डिसेंबर 2027 अशी जाहीर झाली आहे. ‘एंडगेम’ मूळ प्रदर्शित झाला तेव्हा त्याच्या शेवटी पुढच्या चित्रपटाची चाहूल देणारा प्रसंग नव्हता. नावे सरून गेल्यावर फक्त लोखंडावर हातोडा पडल्याचा आवाज येत होता. 2008 मध्ये गुहेत बसून टोनीने आपले पहिले चिलखत ठोकले होते, त्या वेळचा तो आवाज होता. आम्ही बापलेक तो ऐकण्यासाठी रिकाम्या होत चाललेल्या सभागृहात बसून राहिलो होतो. ‘सीक्रेट वॉर्स’ही असाच, पुढची कोणतीही जाहिरात न करता संपवावा.

आपला नम्र,
एक वाचक, नाशिक