ताडोबातल्या त्या ताईंचे आणि दादांचे आभार

परवाच ठाण्याला परत आलो, कपडे अजून मशीनमध्येच आहेत पण हे लिहिल्याशिवाय चैन पडेना. आईला घेऊन ताडोबाला गेलो होतो, मोहर्ली गेटवरून सफारीची अख्खी जिप्सी आम्हीच घेतलेली, कारण तिचा गुडघा, आणि अनोळखी लोकांसोबत तिला अवघडतं. जिप्सीची पायरी उंच, तर ड्रायव्हर दादांनी न सांगता पाण्याचा क्रेट उलटा करून खाली ठेवला.

आत गेल्यावर धक्क्यांत आईचं कानातलं मशीन कुठेतरी पडलं. कोअरमध्ये, म्हणजे जंगलाच्या आतल्या मुख्य भागात, गाडीतून खाली उतरायची परवानगी नसते, त्यामुळे शोधणार कसं? आई एवढीशी झाली. मग गाईड ताई मागे येऊन तिच्या शेजारी बसल्या आणि वानराचा कॉल (वाघ-बिबट्या जवळ असल्याचा इशारा) आला की मनगटावर दोनदा टिचकी, चितळाचा आला की एकदा. ऐनाच्या झाडाची मगरीच्या पाठीसारखी साल दाखवली, पांढरीफटक कडई दाखवली, तिला भूताचं झाड म्हणतात म्हणे. वाघ नाही दिसला (येऊरला सकाळी फिरणाऱ्या आमच्या ग्रुपने यावरून फार पिडलंय!) पण आई घरी सगळ्यांना टिचक्याच मारून दाखवतेय.

मशीन रात्री दादांना सीटच्या मॅटखाली मिळालं, तेवढ्यासाठी थंडीत बाईकवरून रिसॉर्टवर आले, पैसे घेतले नाहीत, फक्त चहा प्यायले. गडबडीत दोघांची नावंही विचारायची राहिली. ताई, दादा, मनापासून थँक्यू हो.