सूचना : प्रायोगिक लघुपट, शनिवारचा खेळ

सभासदहो, येत्या शनिवारी संध्याकाळी ६ वाजता नेहमीच्या सभागृहात सामाजिक-राजकीय आशयाचे प्रायोगिक लघुपट दाखवणार आहोत. सुरुवात सांतियागो आल्वारेझ यांच्या ‘नाऊ’ (१९६५) या क्यूबन लघुपटाने. छायाचित्रं, वृत्तपटांचे तुकडे आणि एक गाणं, एवढ्यावर वर्णद्वेषाबद्दल किती बोलता येतं ते पाहा. त्यानंतर सभासदांचे लघुपट.

फाइल गुरुवार रात्रीपर्यंत द्यावी :

• लांबी जास्तीत जास्त १० मिनिटं. एमपी४, १०८० पी.
• पेन ड्राइव्ह ‘एक्सफॅट’ (exFAT) या फाइल साठवण्याच्या पद्धतीत फॉरमॅट करा. ‘फॅट३२’ (FAT32) या जुन्या पद्धतीत ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसतच नाही.
• सबटायटल चित्रातच पक्की हवीत. वेगळी फाइल जोडली की फाँट हमखास बिघडतो.
• सेकंदाला ३ पेक्षा जास्त वेळा उघडझाप होणारी दृश्यं असतील तर कळवा. अपस्माराचा त्रास असलेल्यांना आधी सांगावं लागतं.
• मुद्दाम ठेवलेला काळा पडदा किंवा शांतता कितव्या मिनिटाला आहे ते लिहून द्या, नाहीतर प्रोजेक्टरवाला केबल तपासायला उठतो!
• जुनं वृत्तचित्रण वापरलं असेल तर स्थळ, वर्ष आणि परवानगी नोंदवा. एका मोर्चाची दृश्यं दुसऱ्याच्या नावावर खपवलेली चालणार नाहीत. उपरोधासाठी तसं केलं असेल तर ते लघुपटातूनच कळायला हवं.

दिग्दर्शकांनी आधी अर्थ समजावू नये. चर्चा शेवटी, प्रेक्षक आधी बोलतील. दार ६ ला बंद होईल.

– कार्यवाह