माझ्या बाबांना प्रश्न विचारल्याबद्दल

इंग्लंडमधल्या सीहाउसेसच्या धक्क्यावरून फार्न बेटांकडे जाणाऱ्या बोटीवरच्या, पिवळ्या जाकिटातल्या गाईडना,

सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव विचारायचं राहून गेलं. उतरताना बाबांचा हात धरायचा होता, पायऱ्या ओल्या होत्या, मागे माणसं खोळंबली होती, आणि मला तेव्हा बोलताच येत नव्हतं. 'थँक यू' एवढंच कसंबसं पुटपुटले. ते पुरेसं नव्हतं, म्हणून हे पत्र. मराठीत लिहितेय, कारण हे आधी बाबांना वाचून दाखवायचं आहे. मग तुमच्यासाठी इंग्रजीत करून पाठवेन.

बाबा ७९ वर्षांचे आहेत. काचबिंदूने त्यांची नजर गेली त्याला सहा वर्षं झाली. आता उजेड आणि अंधार एवढाच फरक कळतो. त्याआधी जवळजवळ चाळीस वर्षं ते पक्षी बघत होते, रोज पहाटे उठून, वही-पेन्सिल घेऊन. नजर गेल्यावर दुर्बीण त्यांनी स्वतःच कपाटात ठेवली आणि पुन्हा कधी मागितली नाही. वही मात्र अजून उशाशी असते. तिच्या शेवटच्या पानावर, बघायच्या राहिलेल्या पक्ष्यांच्या यादीखाली, त्यांनी दोन शब्द लिहून त्याखाली रेघ ओढली आहे : फार्न बेटं.

तुमच्याकडे येण्याआधी आम्ही आणखी दोन बोटींचा अनुभव घेतला होता. ठिकाणं वेगळी, वर्षं वेगळी. नावं लिहीत नाही. पहिल्या ठिकाणी तिकीट देणाऱ्या माणसाने बाबांची पांढरी काठी बघितली आणि मला विचारलं, "यांना काय दिसणार?" मला विचारलं. बाबा माझ्या शेजारी उभे होते. मग म्हणाला, बोट भरली आहे. आमच्या मागे उभ्या असलेल्या चौघांना त्याच बोटीची तिकिटं मिळाली.

दुसऱ्या बोटीने आम्हाला घेतलं, पण बाबांना 'सुरक्षिततेसाठी' मागच्या बंद केबिनमध्ये बसवलं, इंजिनाच्या अगदी वर. दीड तास त्यांनी फक्त इंजिन ऐकलं. आणि कड्याजवळ पोचल्यावर बोट चालवणाऱ्याने भोंगा वाजवला. पक्षी एकदम उडावेत आणि लोकांना फोटो मिळावेत म्हणून. शेकडो पक्षी उडाले, बोटीवर टाळ्या वाजल्या. मी केबिनमध्ये वाकून बघितलं तर बाबांचा चेहरा पांढरा पडला होता. "अंडी पडली असतील गं," ते म्हणाले. त्यांना माहीत होतं. गिलेमॉट हा समुद्रपक्षी घरटं बांधत नाही, उघड्या खडकावर एकच अंडं घालतो. पक्षी घाबरून एकदम उठले की अंडी कड्यावरून घरंगळतात, आणि जी उरतात त्यांच्यावर कुरव टपलेलेच असतात. त्या दिवशी परतताना बाबा म्हणाले, "आता पुरे. उगाच कोणाला त्रास नको." चाळीस वर्षं पक्षी बघितलेल्या माणसाने हे म्हणावं, हा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

म्हणून जूनअखेरीस तुमच्या बोटीत चढताना मी भांडायच्या तयारीत होते. कोणी बाबांबद्दल मला काही विचारलं की काय उत्तर द्यायचं, ते रात्रभर ठरवून ठेवलं होतं. ते वापरायची वेळ आलीच नाही. तुम्ही बाबांसमोर येऊन थेट त्यांनाच विचारलंत, "तुम्हाला कुठे बसायला आवडेल? डाव्या बाजूला वारा कमी लागेल, उजव्या बाजूला आवाज जास्त येतील." बाबा म्हणाले, "उजव्या." एवढंच झालं. पण आजवर त्यांना असं विचारणारं कोणी भेटलं नव्हतं.

स्टेपल बेटाजवळचे पिनॅकल्स, म्हणजे समुद्रातले सुळके, यायच्या आधीच बाबांनी ते ओळखले होते, वासावरून. वर्षानुवर्षांच्या विष्ठेचा तो उग्र, माशांचा वास वाऱ्याबरोबर आला तेव्हा काही जणांनी नाकाला रुमाल लावले. बाबांनी छाती भरून श्वास घेतला. मग ते सुळके आले. समुद्रातून सरळ वर आलेला काळा डोलेराइट खडक, माथ्यावर खांद्याला खांदा लावून उभे असलेले हजारो गिलेमॉट्स, उभ्या कड्यांवर इवल्याशा जागेत चिकटवलेली किटिवेक पक्ष्यांची घरटी. इंजिन अगदी मंद झालं. बोट लांबच थांबली, एकही पक्षी उठला नाही. आणि तुम्ही माइक खाली ठेवलात. "आपण दोन मिनिटं नुसतं ऐकू या," असं सगळ्यांना म्हणालात, बाबांच्या शेजारी येऊन बसलात, आणि विचारलंत :

"तुम्हाला काय काय ऐकू येतंय?"

बाबा बराच वेळ गप्प होते. मग ते सांगायला लागले. वरून येणारी गुरगुर, एकात एक मिसळलेली, थांबतच नाही अशी. मधल्या कड्यावरून एक आवाज, जो स्वतःचंच नाव घेतोय, किटि-वेऽक, किटि-वेऽक. आणि त्या सगळ्या गदारोळातून अधूनमधून एक बारीक, तीक्ष्ण शीळ. "ही कोणाची?" त्यांनी विचारलं. तुम्ही म्हणालात, गिलेमॉटच्या पिल्लाची, बापाला हाक मारतंय.

नंतर तुम्ही जे सांगितलंत त्यातलं पुष्कळसं बाबांना वाचून ठाऊक होतं, तरी ते पहिल्यांदा ऐकल्यासारखे ऐकत होते. अंड्यात असतानाच पिल्लू आईबापाचा आवाज ओळखायला शिकतं. जेमतेम तीन आठवड्यांचं झालं की, उडता येत नसतानाच, ते कड्यावरून समुद्रात उडी मारतं, बहुधा संध्याकाळी. खाली पाण्यावर बाप हाका मारत असतो. हजारो पक्ष्यांच्या कोलाहलात त्याला तो एकच आवाज ओळखायचा असतो. पुढचे कित्येक आठवडे बापच त्याला समुद्रावर सांभाळतो, भरवतो. "म्हणजे इथे डोळ्यांपेक्षा कान जास्त लागतात," बाबा म्हणाले. तुम्ही म्हणालात, "हो, इथे राहायचं तर लागतातच."

आणि मग ती गोष्ट, जिच्यासाठी मी हे पत्र लिहायला बसले.

तुम्ही बाबांना विचारलंत, "तुमचा हात धरू का?" त्यांनी पुढे केला. तुम्ही त्यांची तर्जनी सरळ केलीत, आपल्या हाताने समुद्राकडे रोखलीत आणि म्हणालात, "आता तुमच्या बोटाच्या टोकावर एक पक्षी आहे." आणि बोट फिरवायला लागलात. आधी संथ, रुंद वळण घेत, मध्येच जरा तरंगत, मग वर चढत जाऊन कड्यापाशी थबकलेलं. "किटिवेक," तुम्ही सांगितलंत. "घरट्यावर उतरला." मग बोट पाण्यालगत, सरळ रेषेत, भराभर, थरथरतं. "हा पफिन. चोचीत सँड ईल नावाचे बारीक मासे आहेत, पाच-सहा, आडवे धरलेले. बिळात पिल्लू आहे, म्हणून घाई."

तिसऱ्या वेळी तुम्ही काहीच बोलला नाहीत. बोट हळूहळू पुढे नेलंत, मग हवेत एका जागी थांबवलंत, अगदी बारीक हलवत ठेवलंत. आणि मग एकदम सरळ खाली.

"सुरय!" बाबा ओरडले. "आर्क्टिक टर्न!"

तुम्ही फक्त "येस" म्हणालात. पण तुमच्या आवाजात जो आनंद होता तो मला अजून ऐकू येतोय. बाबांनी तो पक्षी उडण्याच्या ढंगावरून ओळखला होता, नजर शाबूत होती तेव्हा ओळखायचे तसाच. रंग नाही, चोच नाही, फक्त त्याचं हवेतलं वागणं. सहा वर्षांत पहिल्यांदा त्यांनी पक्षी बघितला. मी दुसरा शब्द वापरू शकत नाही.

त्यानंतर ते थांबेनातच. १९८२ साली याच बेटांवर पायात ओळखीचं कडं घातलेलं आर्क्टिक टर्नचं एक पिल्लू त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्नला सापडलं, ही गोष्ट त्यांनी तुम्हाला सांगितली. तुम्हाला ती नक्कीच ठाऊक असणार, तरी तुम्ही मध्येच तोडलं नाहीत. मग त्यांनी २०२२ बद्दल विचारलं. बर्ड फ्लूने हजारो पक्षी मेले, बेटांवर उतरणं बंद झालं, रेंजर्सनी संरक्षक पोशाख घालून मेलेले पक्षी उचलले, हे सांगताना तुमचा आवाज खाली गेला. बाबांनी तुमच्या हातावर हात ठेवला. मी तेव्हा मुद्दाम दुसरीकडे बघत राहिले.

परतीच्या वाटेवर लाँगस्टोनच्या लाल-पांढऱ्या दीपगृहाजवळून जाताना तुम्ही ग्रेस डार्लिंगची हकीकत सांगितलीत. १८३८ च्या सप्टेंबरात फोरफरशर नावाची बोट खडकावर फुटली तेव्हा दीपगृहवाल्याची बावीस वर्षांची ही मुलगी बापाबरोबर वादळात होडी वल्हवत गेली होती. पण माझ्या मनात राहिले ते कथबर्ट. सातव्या शतकात इनर फार्नवर एकटे राहणारे साधू. आयडर बदकांना इजा करायची नाही असा नियम त्यांनी घालून दिला होता अशी परंपरा आहे, आणि म्हणून तिथली माणसं आयडरला अजून 'कडी डक', म्हणजे कथबर्टचं बदक, म्हणतात. ६८७ साली ते त्याच बेटावर वारले. इतकी शतकं लोटली, तरी घरट्यावर बसलेल्या बदकाला त्रास न देणारा माणूस म्हणून त्यांचं नाव त्या पक्ष्याला चिकटून राहिलं आहे. मला वाटतं, चांगुलपणा बहुतेक वेळा असाच असतो. कोणाला उठवायचं नाही, ढकलायचं नाही, भोंगा वाजवायचा नाही. जवळ जायचं तर विचारून जायचं. तुम्ही पक्ष्यांशी जसे वागलात तसेच माझ्या बाबांशी वागलात, आणि त्या दोन्हींत मला काही फरक दिसला नाही. ज्यांना एक जमत नाही त्यांना दुसरंही जमत नाही, हे मी आधीच्या दोन बोटींवर बघितलं आहे.

बोटीवरच्या बाकीच्यांचेही आभार. दोन मिनिटं गप्प बसायला सांगितलंत तर सगळे जवळपास दहा मिनिटं गप्प राहिले. समोरच्या बाकावरची एक लहान मुलगी तर डोळे घट्ट मिटून बसली होती.

घरी आल्यावर बाबांनी वही मागितली. शेवटच्या पानावरच्या त्या रेघेखाली माझ्याकडून तारीख लिहून घेतली आणि चार नावं : गिलेमॉट, किटिवेक, पफिन, आर्क्टिक टर्न. पुढे कंसात 'पाहिले' असं लिही म्हणाले. मी लिहिलं.

आणि त्यांचा तुमच्यासाठी एक प्रश्न आहे. रोज विचारतात, म्हणून कळवतेय. पिनॅकल्सच्या उजव्या टोकाला जे पिल्लू सारखं शीळ घालत होतं, त्याने त्या संध्याकाळी उडी मारली का? खाली त्याचा बाप होता का? तुम्ही नंतर तिकडे गेला असाल आणि काही कळलं असेल तर जरूर लिहा. ते वाट बघताहेत.

तुमची कृतज्ञ,
उजव्या बाजूच्या बाकावरच्या बाबांची मुलगी