६३व्या वर्षीचं पदार्पण आणि 'उशिरा' हा शब्द

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत अमेरिकन रॉक गायिका आणि गिटारवादक किम डीलच्या पहिल्या सोलो, म्हणजे एकटीच्या नावावरच्या, अल्बमवर चार ओळी आल्या होत्या. आधी तर खूप आनंद झाला, कारण हे नाव मराठी पेपरात कधी वाचायला मिळेल असं वाटलंच नव्हतं, पण त्या चार ओळींत तिच्या ६३व्या वर्षीच्या पदार्पणाला 'उशिरा' हा शब्द दोनदा आला आणि तो दोन दिवस टोचत राहिला, म्हणून लिहायला बसले. पत्र थोडं लांबलंय, जमल्यास छापा.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी आधी थोडं सांगते. किम अमेरिकेतल्या ओहायो राज्यातल्या डेटनची. १९८६ साली बॉस्टनमधल्या पिक्सीज या रॉक बँडने बेसिस्ट, म्हणजे बेस गिटार वाजवणारं कुणी, पाहिजे अशी जाहिरात दिली होती, ती बघून ही गेली, आणि बेस तिने त्याआधी कधी वाजवलासुद्धा नव्हता. त्या बँडचे अल्बम ऐकून पुढची अख्खी पिढी गिटार हातात घ्यायला शिकली पण त्यात हिची गाणी मोजकीच, मग हिने ब्रीडर्स हा स्वतःचा बँड काढला, त्यांचे अल्बम आधी १९९० चा 'पॉड' आणि मग १९९३ चा 'लास्ट स्प्लॅश', जो तिकडे दहा लाखांवर खपला. या बँडमध्ये जुळी बहीण केली लीड गिटारला आली तेव्हा तिला गिटार धड येत नव्हती, ती तिथेच शिकली. पिक्सीज किमने २०१३ मध्ये कायमचा सोडला. आणि २२ नोव्हेंबर २०२४ ला, वयाच्या ६३व्या वर्षी, तिचा स्वतःच्या नावावरचा पहिला अल्बम आला, 'नोबडी लव्ह्ज यू मोअर'. अकरा गाणी, सगळी मिळून जेमतेम पस्तीस मिनिटं.

आता 'उशिरा' बद्दल. उशीर कधी होतो, तर एखादी गोष्ट वेळेवर करता आली असती आणि केली नाही तेव्हा. हा अल्बम १९९५ मध्ये करताच आला नसता! (१९९५ मध्ये तिने एकटीचं काहीतरी करायला घेतलं होतं, पण माणसं जमत गेली आणि त्याचा ॲम्प्स नावाचा बँड झाला, म्हणजे एकटीने करायचं मनात आधीपासून होतं.) या अल्बममधली सगळ्यात जुनी रेकॉर्डिंग्ज २०११ ची आहेत आणि शेवटचं गाणं २०२२ मध्ये रेकॉर्ड झालं. मधल्या काळात ती डेटनला घरी होती, आईला अल्झायमर झाला होता, आईवडिलांचं करत होती, आणि दोघंही आता नाहीत. जे गाणं ऐकून मी स्वयंपाकघरात खाली बसले ते त्याच काळातलं आहे. एकदा घरात येताजाता आईने तिला थांबवून विचारलं की तू माझी का गं? म्हणजे नाव आठवत नाही, ही कोण तेही कळत नाही, पण आपलं कुणीतरी आहे एवढं मात्र आत कुठेतरी शिल्लक आहे. त्या प्रश्नाचंच गाणं झालं. नुसतं ऐकलं तर वाटतं कुणी प्रियकराला विचारतंय, जुन्या काळच्या संथ डान्सच्या गाण्यासारखी चाल, आणि मग कळतं कोण कुणाला विचारतंय ते.

माझी आईसुद्धा शेवटची तीन वर्षं अशीच होती. मला ताई म्हणायची, कधी नर्स समजायची, एकदा माझा हात धरून म्हणाली तुमची आई किती नशीबवान. त्यावर काय बोलायचं ते मला आजही माहीत नाही. या विषयावरचं मी बरंच वाचलं होतं, बहुतेक सगळं रडवायला लिहिलेलं, पण या गाण्यात रडारड अजिबात नाही, आईचा प्रश्न तिने जसाच्या तसा ठेवलाय आणि त्यावर एक गोड चाल घातलीय, बस. हे गाणं तिने २०१३ मध्ये सिंगल म्हणून स्वतःच काढलं होतं, तेव्हा ते माझ्या कानावरून गेलंच नाही. अल्बममध्ये बाकीच्या गाण्यांच्या सोबतीत ऐकलं तेव्हा पोचलं, त्यामुळे दहा वर्षं थांबलं ते वाया गेलं असं मला तरी म्हणवत नाही.

दुसरं म्हणजे तुमच्या लेखकाने लिहिलंय की बँड सोडून एकटं गाण्याची हौस. असं नाहीये हो. ब्रीडर्स चालूच आहे, त्याच २०२४ मध्ये ऑलिव्हिया रॉड्रिगो या तरुण पॉप गायिकेच्या टूरमध्ये न्यूयॉर्कला मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये तिच्याआधी ब्रीडर्सच वाजले, समोर निम्म्याहून जास्त मुली त्यांच्या नातींच्या वयाच्या असतील. आणि या सोलो अल्बमवर बहीण केली आहे, ब्रीडर्सचा ड्रमर जिम मॅकफर्सन आहे, टीनएज फॅनक्लब या बँडचा रेमंड मॅकगिन्ली आहे. नाव एकटीचं असलं तरी घर भरलेलं आहे. एकटीचं म्हणजे काय तर अमुक गाण्यात व्हायोलिनं हवीत, तमुक गाण्यात ट्रम्पेट हवा, इथे युकुलेलेवर (छोट्या गिटारसारखं वाद्य) थांबायचं, हे ठरवताना 'हे आपल्या बँडसारखं वाटतं का' असं कुणाला विचारावं लागलं नाही. पहिल्याच गाण्यात व्हायोलिनं येतात तेव्हा पिक्सीजची सवय असलेला माणूस दचकतोच, मी पण दचकले. एक गाणं तर टीव्ही सिरीयलच्या टायटलसाठी केलं होतं, त्यांनी घेतलं नाही, हिला ते आवडलं होतं म्हणून हिने ते पुढे पूर्ण केलं, आणि अल्बममधलं सगळ्यात दणकट गाणं तेच निघालं. सगळीच गाणी सारखी जमलीत असं मी म्हणणार नाही, मधलं एक इलेक्ट्रॉनिक वळणाचं गाणं मला अजून पचलेलं नाही, पण ते काढून टाका असंही वाटत नाही.

आणि रेकॉर्डिंग करणाऱ्या स्टीव्ह अल्बिनीचं नाव चार ओळींत यायलाच हवं होतं. १९८८ ला आलेला पिक्सीजचा 'सर्फर रोझा' त्यानेच रेकॉर्ड केला होता, नंतर 'पॉड' पण त्याचाच, आणि या अल्बमचा बराच भागही. हा माणूस स्वतःला प्रोड्यूसर म्हणवून घ्यायचा नाही, रेकॉर्डिंगची ठरलेली फी घ्यायचा आणि पुढे रॉयल्टी नको म्हणायचा, कारण गाणी बँडची असतात असं त्याचं मत. ७ मे २०२४ ला हार्ट ॲटॅकने गेला, ६१ वर्षांचा होता. त्यानंतर साडेसहा महिन्यांनी हा अल्बम बाहेर आला. २०२२ ला रेकॉर्ड झालेलं जे शेवटचं गाणं वर म्हटलं ते पण त्याच्याचसोबत केलेलं, आणि ते इतकं मोकळं, हसतं गाणं आहे की हे माहीत झाल्यावर मला ते सलग दोनदा ऐकवत नाही.

म्हणून विनंती एवढीच की पुढच्या वेळी लिहाल तेव्हा साधं 'पदार्पण' लिहा, विशीतल्या मुलाच्या पहिल्या अल्बमला लिहिता तसंच. आणि तिला 'पिक्सीजची माजी बेसिस्ट' म्हणून नका सोडू, ब्रीडर्सची गाणी लिहिणारी, गाणारी आणि तिथे गिटार वाजवणारी तीच आहे, तीस वर्षांच्या वर. तुमच्या लेखकाने अल्बम एकदाच ऐकला असेल तर पुन्हा ऐकावा, पस्तीसच मिनिटं लागतात, आणि चौथं, आईच्या प्रश्नाचं गाणं लागेल तेव्हा दुसरं काही काम करत बसू नये असं माझ्याकडून सांगा.

आपली,
पुरवणीची एक जुनी वाचक