मन्याला पत्र : नवीन फोन, जुने गेम

प्रिय मन्या,

नवीन फोन घेतलास ते बरं केलंस. टाइमपासला कुठले गेम टाकू असं विचारलंस, त्याचं उत्तर व्हॉट्सॲपवर दोन ओळीत देण्यासारखं नाही म्हणून हे लांबलचक लिहितोय, रात्री निवांत बसून वाच. माझं म्हणणं एकच आहे, ते फुकटातले गेम टाकूच नकोस. एम्युलेटर टाक, म्हणजे जुन्या गेम मशीनची फोनवर नक्कल करणारं ॲप, आणि सोनीच्या पीएसपीचे, निन्टेन्डोच्या गेम बॉय ॲडव्हान्सचे गेम खेळ, हातात धरून खेळायची ती जुनी हॅंडहेल्ड मशीन्स रे. तुझ्या हातात जो फोन आहे त्यावर खेळायला यांच्याइतकं चांगलं काही नाही असं मला अगदी मनापासून वाटतं.

कारण सांगतो. हल्लीचा फुकटातला गेम उघडला की पाच मिनिटांत एनर्जी संपते, मग दोन तास थांबा नाहीतर ॲड बघा नाहीतर पैसे भरा, आणि वर्षभर खेळलास तरी तो गेम संपत नाही, कारण तो संपू नये असाच बनवलेला असतो. हॅंडहेल्डचे गेम ज्यांनी बनवले त्यांच्या डोळ्यासमोर बसमध्ये, ट्रेनमध्ये बसलेला माणूस होता, ज्याच्याकडे दहा मिनिटं आहेत आणि त्यानंतर त्याला उतरायचंय. मी डोंबिवलीहून लोकलमध्ये खेळतो, ठाण्याला गर्दी आत घुसली की पॉज करून फोन खिशात, परत जागा मिळाली की जिथे होतो तिथून पुढे. नेट लागत नाही, लॉगिन नाही, कोणी नोटिफिकेशन पाठवून बोलवत नाही. आणि गेम संपतो रे! शेवटचा बॉस मरतो, बनवणाऱ्यांची नावं स्क्रीनवर येतात, आणि आपण एक गोष्ट पूर्ण केली असं वाटतं. गेम बॉय ॲडव्हान्सची मोठ्यातली मोठी कार्ट्रिज साधारण ३२ एमबीची, म्हणजे तू ग्रुपवर टाकतोस त्या एका व्हिडिओएवढी, आणि त्यात तीस-चाळीस तासांची अख्खी दुनिया बसवलेली असते.

आपल्या लहानपणी ही मशीन्स आपल्याकडे कुठे होती? आपल्याला ब्रिक गेम माहिती, आणि टीव्हीला जोडायचा तो पिवळ्या कॅसेटवाला व्हिडिओ गेम. पोकेमॉन कार्टून नेटवर्कवर बघायचो पण त्याचा मूळ गेम असतो हे सुद्धा कितीतरी उशिरा कळलं. आठवतंय ना, जावावाल्या नोकियावर मीबॉय नावाचा एम्युलेटर टाकून गेम बॉयचे गेम चालवायचो ते? कॉम्प्युटरवर गेमची फाइल देऊन जार फाइल तयार करायची, ब्लूटूथने फोनवर पाठवायची, आवाज बंद ठेवला तर बऱ्यापैकी चालायचा, आणि दोन-चार-सहा-आठवर अंगठा फिरवायचा. आपल्यासारख्या लाखो पोरांना हे गेम एम्युलेटरमुळेच भेटले. म्हणून मला याबद्दल एवढी आपुलकी आहे.

आता कामाचं बोलू. पीएसपीसाठी एकच नाव लक्षात ठेव, पीपीएसएसपीपी. हेन्रिक रिडगार्ड नावाच्या माणसाने २०१२ मध्ये ते बाहेर आणलं, डॉल्फिन म्हणून निन्टेन्डोच्या गेमक्यूब मशीनचा एम्युलेटर आहे तो सुरू करणाऱ्यांमध्येही हाच होता. ओपन सोर्स आहे, फुकट आहे. गोल्ड नावाचं पैसेवालं व्हर्जन आहे त्यात वेगळं काही मिळत नाही, ज्याला त्याच्या कामाला हातभार लावायचाय त्याने ते घ्यायचं. मी घेतलंय. फक्त प्ले स्टोअरवरून किंवा त्यांच्या स्वतःच्या साइटवरूनच घे, बाकी ठिकाणी याच नावाने वाट्टेल ते खपवतात. गेम बॉय ॲडव्हान्ससाठी पिझ्झा बॉय किंवा माय बॉय चांगले आहेत, आणि सगळं एकाच छताखाली हवं असेल तर रेट्रोआर्क टाकून त्यात एमजीबीए कोअर घे, म्हणजे त्याच्या आत बसणारा गेम बॉय ॲडव्हान्सचा एम्युलेटर, पण रेट्रोआर्कचा मेनू समजायला वेळ लागतो, सुरुवातीला नको.

हे चालतं कसं ते तुला आवडेल म्हणून सांगतो. पीएसपीचा प्रोसेसर एमआयपीएस जातीचा, जास्तीत जास्त ३३३ मेगाहर्ट्झचा, आणि पहिल्या मॉडेलमध्ये रॅम फक्त ३२ एमबी. तुझ्या फोनचा प्रोसेसर एआरएम, त्याला एमआयपीएसची भाषा कळत नाही. मग एम्युलेटर गेमचा कोड चालता चालता तुकड्या-तुकड्याने एआरएममध्ये बदलून ठेवतो, म्हणजे तोच तुकडा परत आला की पुन्हा बदलायला लागत नाही, याला जिट म्हणतात. आणि पीपीएसएसपीपीची खरी हुशारी म्हणजे पीएसपीची आतली सिस्टिम त्यांनी स्वतः नव्याने लिहून काढली, त्यामुळे सोनीची बायोस फाइल, म्हणजे मशीनचं मूळ सॉफ्टवेअर, कुठून आणायची हा प्रश्नच येत नाही. वहिनीच्या आयफोनवरही चालेल बरं का, ॲपलने एप्रिल २०२४ मध्ये नियम बदलले आणि जुन्या कन्सोलच्या एम्युलेटरना परवानगी दिली, मग डेल्टा नावाचा निन्टेन्डोच्या जुन्या मशीन्सचा एम्युलेटर आला आणि मे महिन्यात पीपीएसएसपीपी पण आलं. ॲपल जिट करू देत नाही म्हणून तिथे थोडं हळू पडतं, पण त्यांचे प्रोसेसर इतके दणकट आहेत की नव्या आयफोनवर फारसं जाणवत नाही.

सेटिंगमध्ये फार खेळत बसू नकोस. पीएसपीची स्क्रीन ४८० बाय २७२ पिक्सेलची. रेंडरिंग रिझोल्यूशन दुप्पट किंवा तिप्पट केलंस की थ्रीडी गेम असा दिसतो की तो २००५ चा आहे यावर विश्वास बसत नाही. चित्र काढायच्या पद्धतीत व्हल्कन ठेव, आणि एखाद्या गेममध्ये चित्र फाटायला लागलं तरच ओपनजीएलवर जा. फ्रेमस्किप, म्हणजे मधली चित्रं गाळणं, बंद.

गेम बॉय ॲडव्हान्सला मात्र उलटी गंमत होते. पहिल्यांदा उघडलास की रंग भडक दिसतील, डोळ्यात घुसतील इतके. त्याचं कारण असं की २००१ मध्ये आलेल्या त्या मशीनच्या स्क्रीनमागे लाइटच नव्हता, खिडकीपाशी धरून खेळायला लागायचं, म्हणून गेम बनवणाऱ्यांनी मुद्दाम रंग खूप उजळ ठेवले. तेच रंग आपल्या झगझगीत फोनवर आले की मग तसे दिसणारच. एमजीबीएमध्ये कलर करेक्शनचा पर्याय आहे, तो चालू कर, गवत एकदम खऱ्या गवतासारखं दिसायला लागतं. आणि इंटीजर स्केलिंग पण चालू कर. मूळ चित्र २४० बाय १६०, तुझ्या फोनची उंची १०८०, भागाकार केलास तर पावणेसात येतो, म्हणजे काही पिक्सेल सहा ठिपक्यांचे आणि काही सातचे होतात आणि माणूस चालताना त्याचा चेहरा लहरतो. सहापटीवर थांबवलं की कडेला काळी पट्टी राहते पण चित्र दगडासारखं स्थिर.

आता अडचणीची गोष्ट, बटणं. काचेवरचं बटण अंगठ्याला लागत नाही, त्यामुळे मारामारीचे आणि उड्या मारायचे गेम टचवर खेळून कंटाळशील. म्हणून सुरुवात कुठून करायची ते महत्त्वाचं आहे. माझं ऐक, पीएसपीवर लोकोरोको घे. २००६ चा गेम, त्यात तू त्या पिवळ्या गोळ्याला हलवतच नाहीस, तू अख्खी जमीन डावीकडे उजवीकडे कलवतोस, मुख्य बटणं दोनच, आणि दोन्ही एकदम दाबून सोडली की उडी. टचवर जणू फोनसाठीच बनवल्यासारखा चालतो, आणि ते गोळे चालता चालता गाणी म्हणतात, तुझ्या पोरीला पण बसव शेजारी. गेम बॉय ॲडव्हान्सवर पोकेमॉन फायररेड किंवा ॲडव्हान्स वॉर्स, दोन्हीत एक चाल तुझी, एक समोरच्याची, घाई नाही, तू विचार करत बसलास तरी समोरचा थांबतो.

आणि मग पीएसपीवरचा पाटापॉन. हा माझा सगळ्यात लाडका. चार ढोल आणि चार बटणं, पाटा, पॉन, चाका, डॉन. तू पाटा-पाटा-पाटा-पॉन वाजवलंस की तुझं इवलंसं सैन्य तेच म्हणत पुढे चालतं, पॉन-पॉन-पाटा-पॉन वाजवलंस की हल्ला. चार ठोके तू वाजवायचे, पुढचे चार ठोके ते गातात, मधे एक जरी ठोका चुकला तरी सगळे गोंधळून उभे राहतात. ताल बिघडला नाही तर फीव्हर चढतो आणि मग काय सांगू, सगळं सैन्य पेटून उठतं. आपल्या गणपतीतल्या ढोल पथकात टोल धरायचास ना तू, तुला हे पहिल्या दहा मिनिटांत जमेल. पण एक लक्षात ठेव, ब्लूटूथचे इअरबड लावून हा गेम खेळताच येत नाही, आवाज उशिरा पोचतो आणि तू बरोबर वाजवलंस तरी चूक धरतो. वायरवाला इअरफोन लाव, नाहीतर फोनचा स्पीकर.

नंतर जमलं तर फोन मधे अडकवायचा कंट्रोलर घे, टाइप-सी मध्ये लागणारा, ब्लूटूथवाला नको. तो आल्यावर गॉड ऑफ वॉर चेन्स ऑफ ऑलिंपस उघड, त्याआधी नको.

गेम कुठून आणायचे हे विचारशीलच. तुझ्या मामांनी मस्कतहून आणलेला पीएसपी अजून काकूंच्या कपाटात आहे ना? मग तुझ्याकडे आधीच गेम आहेत. त्यावर कस्टम फर्मवेअर, म्हणजे बाहेरच्या लोकांनी बदललेली सिस्टिम, टाकलं की यूएसबी डिव्हाइसमध्ये यूएमडी डिस्क (पीएसपीच्या गेमची छोटी डिस्क) असा पर्याय येतो, केबल कॉम्प्युटरला लावली की डिस्क एका आयएसओ फाइलसारखी दिसते, ती कॉपी करायची, संपलं. आणि हे नीट वाच, मेमरी स्टिकवर पीएसपी नावाच्या फोल्डरमध्ये सेव्हडेटा असतो, तो जसाच्या तसा फोनवर पीपीएसएसपीपीच्या त्याच नावाच्या फोल्डरमध्ये टाकलास तर तुझे शाळेतले सेव्ह फोनवर चालतात. टेकन या मारामारीच्या गेममध्ये तू जे सगळे कपडे अनलॉक करून ठेवले होतेस ते मिळतील. पण चार्जिंगला लावायच्या आधी बॅटरी काढून बघ, जुन्या बॅटऱ्या फुगतात. फुगली असेल तर लावूच नकोस, तो पीएसपी बॅटरीशिवाय नुसत्या चार्जरवर पण चालू होतो.

कायद्याचं म्हणशील तर एम्युलेटर बनवणं गुन्हा नाही, अमेरिकेत सोनीने प्लेस्टेशनचा एम्युलेटर बनवणाऱ्या कनेक्टिक्सवर केलेल्या खटल्यात २००० सालीच कोर्टाने बनवणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला. दुसऱ्याची गेमची कॉपी उचलणं हा वेगळा विषय. पण मला राग कशाचा येतो सांगू? निन्टेन्डोने मार्च २०२३ मध्ये आपल्या थ्रीडीएस या हॅंडहेल्डचं ऑनलाइन दुकान बंद केलं, आता पैसे हातात घेऊन उभा राहिलास तरी तिथे काही विकत मिळत नाही. त्याच वर्षी अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने मोजदाद केली तर २०१० च्या आधी तिथे आलेल्या गेमपैकी ८७ टक्के तेव्हा बाजारात मिळतच नव्हते. मग हे जपणार कोण? पुढच्याच वर्षी निन्टेन्डोच्या खटल्यात, स्विच मशीनचा एम्युलेटर बनवणाऱ्या युझूवाल्यांना २४ लाख डॉलर भरायला लागले आणि त्यांच्याबरोबर थ्रीडीएसचा एम्युलेटर सिट्रा पण बंद झाला. युझूचं मी समजू शकतो, ते मशीन अजून दुकानात विकलं जात होतं. सिट्राचं मला खरंच वाईट वाटलं.

आपला पण यात संबंध आहे. हैदराबादच्या गेमशास्त्र कंपनीने देसी अड्डा नावाचा गेम पीएसपीसाठी बनवला होता, कबड्डी, गिल्ली-दांडा वगैरे असलेला. भारतीय लोकांनी भारतीय पोरांसाठी हॅंडहेल्डवर केलेलं काम, किती जणांना माहितीय? ते डिस्कवरच राहिलं तर डिस्कबरोबर जाईल.

आणि काही गोष्टी तर बघून थक्क व्हायला होतं. गेम बॉय ॲडव्हान्सच्या बोकटाई नावाच्या गेमच्या कार्ट्रिजमध्येच उन्हाचा सेन्सर होता, पिशाच्चांना मारायला खरंखुरं ऊन लागायचं म्हणून पोरं अंगणात जाऊन खेळायची. एमजीबीए त्याच्यासाठी ऊन कमी-जास्त करायची सोय देतो, त्यामुळे आपण रात्री पण खेळू शकतो. पोकेमॉन रुबीच्या कार्ट्रिजमधली घड्याळाची बॅटरी आता संपलेली असते आणि लावलेली झाडं वाढत नाहीत, एम्युलेटर फोनचं घड्याळ वापरतो, झाडं वाढतात. कोणीतरी अनोळखी माणसाने पैसे न घेता इतकं बारीक काम करून ठेवलंय.

सेव्ह स्टेटवर, म्हणजे एम्युलेटर स्वतः कुठेही करून ठेवतो त्या सेव्हवर, विसंबून राहू नकोस एवढं सांगतो, ॲप अपडेट झाल्यावर जुनी स्टेट कधी कधी उघडत नाही. गेमच्या आतला सेव्ह पण करत जा आणि महिन्यातून एकदा फोल्डर ड्राइव्हवर टाकत जा.

सगळं झालं की मला फोन कर. पीपीएसएसपीपीमध्ये ॲडहॉक, म्हणजे पीएसपी शेजारी शेजारी ठेवून दोघांनी खेळायची सोय, नेटवर वापरता येते, तू बेंगळुरूत आणि मी इथे असलो तरी. दोघांचं व्हर्जन सारखं लागेल आणि सर्व्हरचा पत्ता एकच टाकायचा, तो मी पाठवतो. रविवारी रात्री जेवणं झाल्यावर बसू, टेकनच लावू, त्यातला कझुया मी घेणार हे आत्ताच सांगून ठेवतो.

काकूंना नमस्कार सांग, वहिनीला आणि छोटीला विचारलंय म्हणून सांग.

तुझाच,
पप्या