दिवाणजी, ते कार्बनचं चलन कोर्टात चाललं

दिवाणजींना सा. न.

फोन केला असता तर "असू दे, असू दे" म्हणून तुम्ही मला बोलूच दिलं नसतं. म्हणून हे सगळ्यांसमोर लिहितोय. इचलकरंजीत माग चालवणाऱ्या आणखी कुणाच्या दारात सुताच्या पैशापोटी असलं समन्स आलं, तर त्याच्याही कामी येईल.

त्या दिवशी तुम्ही आप्पांना भेटायला आला होता. समन्स मी टेबलाच्या खणात टाकलेलं. कोर्टाचं काम, तारखा पडतच राहणार, महिन्याभरात वकील बघू, असा माझा हिशेब. तुम्ही कागद डोळ्यांजवळ धरलात आणि विचारलंत, "मिळून किती दिवस झाले?" सहा. "मग चारच राहिले. हा समरी दावा आहे."

दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 37 मला त्या संध्याकाळी कळला. समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत हजर व्हायचं, नाहीतर वादीचं म्हणणं कबूल धरून सरळ हुकूमनामा. हजर झालं तरी तोंड उघडायची मुभा नाही. वादी निकालासाठी दुसरं समन्स काढतो, मग पुन्हा दहा दिवसांत प्रतिज्ञापत्र करून बचावाची परवानगी मागायची.

व्यापाऱ्याकडून घेतलेल्या 40 बाचकी सुतापोटी 5 लाखांची, 90 दिवसांची मुदती हुंडी मी शिकारली होती, म्हणजे मुदतीनंतर पैसे देईन अशी त्यावर सही केली होती. त्याच हुंडीवर त्याचा दावा. सही माझीच, नाकारणार कशी? त्यात 1881 च्या निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्टचं कलम 118. हुंडी आहे म्हणजे मोबदला पोचला, असंच कोर्ट आधी धरून चालतं. वकीलसाहेबांनी पहिलं विचारलं, हुंडी व्यापाऱ्याकडेच आहे की पुढं बँकेला दिली? दिली असती तर आमचं सुताचं भांडण बँकेपुढं टिकणं अवघड होतं. नशिबानं ती त्याच्याचकडे होती. "मग माल परत गेल्याचा कागद आणा."

इथं मी गप्प. सायझिंगला, म्हणजे सुताला खळ लावताना, सूत सारखं तुटत होतं, 22 बाचकी परत धाडली होती, एवढंच आठवत होतं. गुडघा दुखत असताना तुम्ही माळ्यावर चढलात, लाल कापडात बांधलेली, माल धाडल्याच्या पावत्यांची चलनबुकं उतरवलीत आणि तिसऱ्या बुकात ते कार्बनचं निळं पान काढलंत. "22 बाचकी परत. सूत तुटतं." खाली व्यापाऱ्याच्या गोडाऊनचा शिक्का आणि सही. टेम्पोवाल्याला तुम्ही बजावलं होतं म्हणे, शिक्का नाही तर भाडं नाही. तेव्हा तुमच्या या कटकटीला मी हसलो होतो.

आणि एक. सगळीच रक्कम नाकारायचा मोह मला झाला होता. तुम्ही म्हणालात, "18 बाचक्यांचं कापड विकलंय की आपण." त्या 18 बाचक्यांचे 2,25,000 कबूल करून कोर्टात भरले. कबूल रक्कम भरल्याशिवाय परवानगी मिळतच नाही, हे वकीलसाहेबांनी नंतर सांगितलं. तुम्हाला कायदा माहीत नव्हता, हिशेब माहीत होता.

उरलेल्या 2,75,000 पुरती बचावाची परवानगी मिळाली. आता दावा नेहमीसारखा चालेल. चलनावरचं अक्षर तुमचं, तेव्हा साक्षीला तुम्हालाच यावं लागणार. तारीख पडली की न्यायला मी स्वतः येतो. बाकीची चलनबुकं आता माळ्यावर नाहीत, टेबलाच्या त्याच खणात ठेवलीत.

तुमचा,
आप्पांचा धाकटा